शेवटचं कडवं

गणपतीतल्या एका संध्याकाळी आमच्या सोसायटीच्या मांडवात महिला मंडळाने भारूड सादर केलं. 'सत्वर पाव गे मला, भवानीआई रोडगा वाहीन तुला.' गाणाऱ्या बाई पन्नाशीच्या, आवाज खणखणीत, अंगावर हिरवं नऊवारी, कपाळी मळवट, हातात परडी. मागे तिघीचौघी टाळ घेऊन उभ्या. पहिल्या ओळीलाच लहान पोरं पुढे सरकून बसली. सासरा गावाला गेलाय, तिकडेच खपव त्याला, म्हटल्याबरोबर मांडवात हशा उसळला. सासू जाच करते, लवकर निर्दाळ तिला, या ओळीला तर बाईंनी पुढच्या खुर्चीवरच्या आपल्या खऱ्या सासूबाईंकडे हात केला आणि त्याही तोंडाला पदर लावून हसत राहिल्या. मग जाऊ, मग नणंदेचं कार्टं, शेवटी दादला. दादल्याच्या ओळीला बाईंचे यजमान उभे राहून हात जोडायला लागले, सगळ्यांचे मोबाइल वर झाले, शिट्ट्या पडल्या, टाळ थांबले आणि निवेदन करणाऱ्या मुलीने पुढच्या नाचाचं नाव पुकारलं. मी अजून ऐकण्याच्या तयारीत बसले होते. एक कडवं राहिलं होतं.

खिरापतीच्या रांगेत बाई माझ्यापुढेच होत्या. मळवट घामाने ओघळलेला, चेहरा आनंदाने फुललेला. त्यांच्या आवाजाचं मी कौतुक केलं, ते मनापासूनचं होतं, आणि मग विचारलं, "शेवटचं कडवं नाही घेतलंत?" त्या लगेच म्हणाल्या, "ताई, ते मी मुद्दामच सोडते. ते म्हटलं ना, की सगळे एकदम गप्प होतात. टाळ्याच पडत नाहीत मग." यात लबाडी काही नव्हती. ठिकठिकाणी गाऊन आलेला तो अनुभव होता आणि तो अगदी बरोबर होता. म्हणूनच ते बोलणं माझ्या डोक्यातून जाईना. साडेचारशे वर्षांपूर्वी पैठणच्या एका माणसाने, संत एकनाथांनी, लोकांना आधी पोट धरून हसवलं ते त्यांना एका जागी आणून गप्प करण्यासाठी. आणि नेमकी तीच जागा आता अडचणीची झाली होती.

'एका जनार्दनी सगळेचि जाऊं दे, एकटीच राहू दे मला.'

एवढंच ते कडवं. त्याच्या आधीचं सगळं आपण वरून खाली बघत ऐकत असतो. नवस बोलणारी बाई देवीकडे घरभराच्या माणसांचे जीव मागते आणि बदल्यात देणार काय, तर रोडगा. कणकेचा जाड गोळा, गोवऱ्यांच्या आरात भाजलेला, वरून काळपट, फोडला की आतून वाफ येणारा. नैवेद्यात याहून साधं काही नसेल. नाथांनी हा सौदा असा बेढब ठेवला आहे तो आपण तिला हसावं म्हणूनच. आपण हसतो, कारण आपण तिच्यापेक्षा शहाणे आहोत असं आपल्याला वाटतं. मग नाममुद्रेची, कवीच्या नावाची, ओळ येते आणि बोलणारं तोंड बदलतं. इतका वेळ जी करवादलेली सून बोलत होती तिच्या जागी नाथ उभे असतात आणि मागणं तेच असतं: सगळे जाऊ देत. सासरा कोण, सासू कोण, दादला कोण याची फोड कीर्तनकारागणिक बदलते. कुणी अहंकार म्हणतं, कुणी वासना, कुणी देहबुद्धी. फोड कुठलीही घ्या, त्या ओळीला आपल्या अंगावर काटा येतो तो फोडीमुळे नव्हे. ज्या मागण्याला आपण हसलो ते मागणं माणसाला करता येण्यासारखं सर्वांत मोठं मागणं होतं, आणि ते करायची छाती आपल्यात नाही, हे एका क्षणात कळतं म्हणून.

लहानपणी मी हे भारूड पहिल्यांदा ऐकलं ते मराठवाड्यातल्या आमच्या गावी, नाथषष्ठीच्या सुमाराला. पैठणला निघालेली एक मंडळी मारुतीच्या पारावर मुक्कामाला थांबायची. त्यात एक मिशीवाला गडी होता. लुगडं नेसून, मिशी तशीच ठेवून, डोक्यावर पदर घेऊन तो भवानीला साकडं घालायचा. पेट्रोमॅक्सचा फुसफुस आवाज, त्याभोवती घिरट्या घालणारे किडे, पखवाजाला लावलेल्या ओल्या कणकेचा वास आणि बाजूच्या ओट्यावर गर्दी करून बसलेल्या बायका. त्या बायकांचं हसणं मी नंतर कुठल्याच नाट्यगृहात ऐकलं नाही. पदराआड दाबलेलं, मध्येच फुटणारं, शेजारणीच्या पाठीवर थाप मारत केलेलं. त्यातल्या बहुतेकींना घरी जाऊन सासूचे पाय चेपायचे होते. वर्षभर जे ओठांवर आणायची सोय नव्हती ते एक मिशीवाला पुरुष त्यांच्या वतीने भर पारावर, तेही देवाच्या नावाने, बोलत होता. शेवटच्या कडव्याला तो गडी खाली बसायचा. पखवाज थांबायचा. फक्त टाळ, तेही अगदी हलके. ती ओळ तो पुन्हा पुन्हा म्हणायचा, दर वेळी आधीपेक्षा हळू, आणि बायकांच्या बाजूने एक वेगळाच आवाज यायचा. तो हुंदका होता की सुस्कारा हे त्या वयात मला ओळखता येत नव्हतं. आता वाटतं, दोन्ही असावं. कारण 'एकटीच राहू दे मला' हे नाथांचं मागणं होतं तसंच ओट्यावर बसलेल्या प्रत्येकीचंही कधी ना कधी झालेलं मागणं होतं. अगदी सरळ अर्थाने. दिवसातला एक तास, कुणीही हाक न मारता.

आमच्या वाड्यात आत्याआजी होत्या. वडिलांच्या आत्या. लाल आलवण, डोक्यावरून घट्ट ओढलेला पदर, त्याखाली वस्तरा फिरलेलं डोकं. नवव्या-दहाव्या वर्षी लग्न आणि पुढच्या दोनतीन वर्षांत हे वैधव्य. त्या पारावर यायच्या नाहीत. वाड्याच्या दिंडीदरवाज्याआड पाटावर बसून ऐकायच्या. पार तिथून हाकेच्या अंतरावर, शब्द न् शब्द ऐकू येणारा. 'जाऊ माझी फडफड बोलती, बोडकी कर गं तिला' ही ओळ आली तेव्हा मी त्यांच्याशेजारी होते. का होते ते आठवत नाही. बहुतेक झोप आली म्हणून घरी आले असेन. बाहेर हशा झाला. आणि आत्याआजीही हसल्या. मोठ्याने नाही, पण नक्की हसल्या. अंधारात त्यांचे दात दिसल्याचं मला आठवतं. जी शिक्षा त्यांनी आयुष्यभर भोगली ती एका विनोदी नवसाची मागणी म्हणून पारावर गायली जात होती आणि त्या हसत होत्या. ते हसणं सवयीचं होतं, की खरंच त्यांना कुणी जाऊ आठवली होती, की त्या ओळीतला क्रूरपणा त्यांच्याइतका कुणालाच कळला नव्हता म्हणून ते होतं? मोठी झाल्यावर विचारावंसं वाटलं तेव्हा त्या नव्हत्या. एखाद्या उपरोधाचा खरा श्रोता कोण, हा प्रश्न पुढे शिकवताना जेव्हा जेव्हा आला, तेव्हा मला दिंडीदरवाज्याआडचं ते हसणंच आठवलं.

मी महाविद्यालयात मराठी शिकवण्यात आयुष्य घालवलं. उपरोध शिकवणं फार अवघड आणि त्याची व्याख्या शिकवणं फार सोपं. बोलायचं एक आणि सुचवायचं दुसरं, बहुधा उलटं, असं फळ्यावर लिहिलं की मुलं वहीत उतरवून घेतात आणि मग प्रत्येक कवितेतून सरळ अर्थ काढून टाकण्याच्या मागे लागतात. सरळ अर्थ खोटा, आतला खरा. माझं या रीतीशी पहिल्यापासून जमलं नाही. पाडगावकरांची 'सलाम' शिकवताना एका मुलाने उत्तरपत्रिकेत लिहिलं होतं की या कवितेतला माणूस दंडा हातात असलेल्या प्रत्येकाला सलाम करतो, कारण सलाम केला नाही तर मार बसतो आणि घरी बायकापोरं आहेत. उपरोध हा शब्द त्या उत्तरात कुठेही नव्हता. बाकीच्या मुलांनी तो पानापानावर लिहिला होता: कवी सत्ताधाऱ्यांची खिल्ली उडवतो, कवी प्रत्यक्षात सलाम करत नाही, इत्यादी. मला या मुलाचं उत्तर सर्वांत जवळचं वाटलं. त्या कवितेतला माणूस खरोखर सलाम करतो. त्याचा हात खरोखर वर जातो. तो सलाम खोटा धरला तर कविता एका हुशार माणसाने मारलेला टोमणा होऊन जाते. खरा धरला तर मात्र आपल्याला ठाऊक असलेली एक शरम तिच्यात येते, आणि मग संतापही येतो.

माझं म्हणणं हे आहे. मराठीतला जो उपरोध टिकला, पिढ्यानपिढ्या माणसांना धरून राहिला, त्यात वरचा अर्थ टाकून द्यायचा नसतो. तोही खरा असतो. भारुडातल्या बाईला खरोखर सासुरवास आहे. तिचं मागणं हास्यास्पद आहे, रास्त आहे आणि पारमार्थिकही आहे, तिन्ही एकाच वेळी. यातलं एक काढलं की बाकीची कोसळतात. शेवटचं कडवं कापलं की उरतो तो सासू-सुनेचा विनोद, जो आपल्याकडे रोज रात्री मालिकांत चालतो. आणि उलट, नुसतं शेवटचं कडवं ठेवून मधला जाच रूपक म्हणून बाजूला सारला, तर उरतं प्रवचन. काही जाडजूड विवेचनं अशी आहेत की त्यात सासूचा सासूपणा शिल्लकच राहत नाही. हेही मला तितकंच खुपतं.

ताराबाई शिंदे यांचा 'स्त्रीपुरुषतुलना' हा निबंध मी प्रथम वाचला तेव्हा नोकरीला लागले होते. १८८२ साली पुण्यात छापलेलं छोटं पुस्तक, लिहिणारी बुलढाण्याची, घर सत्यशोधकी विचारांचं. सुरतेकडच्या विजयालक्ष्मी नावाच्या एका ब्राह्मण विधवेला आपलं नवजात मूल मारल्याबद्दल १८८१ मध्ये फाशीची शिक्षा झाली. पुढे ती कमी करण्यात आली. त्या निमित्ताने 'पुणेवैभव'सारख्या पत्रातून बायकांच्या जातीवरच जे तोंडसुख घेतलं गेलं त्याला हे उत्तर. पण ते उत्तर सरळ येत नाही. ताराबाई पुरुषांचंच म्हणणं मान्य करून सुरुवात करतात. पतिव्रतेचा धर्म मोठा म्हणता ना? बरं, मोठा. सावित्री नवऱ्याचे प्राण आणायला यमाच्या दरबारापर्यंत गेली हे तुमच्याच पुराणात आहे ना? बरं, गेली. मग बायकोचे प्राण आणायला त्या दरबारात तर राहोच, नुसता त्या वाटेला लागलेला एखादा तरी नवरा दाखवा. नवरा मेला की बायकोने केस द्यायचे, अंगावरचं सगळं उतरवायचं आणि कोपऱ्यात बसायचं. मग बायको मेली की तुम्ही मिशा उतरवून रानात का जात नाही? १८७३ च्या 'गुलामगिरी'त महात्मा फुले असंच करतात. पोथीत लिहिलं ते अक्षरशः खरं धरतात आणि मग अगदी साधे प्रश्न विचारतात. त्या साधेपणापुढे पोथी उभी राहत नाही. ताराबाईंकडे तोच साधेपणा आहे, पण त्यात ताप जास्त आहे. मध्येच त्यांचा धीर सुटतो आणि त्या थेट शिव्यांवर येतात. समीक्षकी नजरेने बघणाऱ्याला हा दोष वाटेल. मला तो या पुस्तकाचा प्राण वाटतो. तिरकस बोलता बोलता जिचा आवाज भरून येतो तिच्या तिरकसपणावर माझा विश्वास बसतो.

मला आणखी एक गोष्ट त्यात दिसली. मिशा उतरवा, हे ताराबाई वाकड्यात म्हणतात, पण त्यातलं मागणं सरळच आहे: एकच नियम दोघांना लावा. ती कल्पना हसण्यावारी नेता येते, त्यामागचा न्याय नेता येत नाही. लोकांनी मात्र नेला. पुस्तकावर टीका झाली, टवाळी झाली. फुल्यांनी १८८५ साली 'सत्सार'मध्ये ताराबाईंची बाजू घेतली, सत्यशोधक चळवळीतल्याच सहकाऱ्यांना त्याबद्दल सुनावलं. ताराबाईंचं दुसरं पुस्तक काही आलं नाही. हे पुस्तकही विस्मरणात गेलं ते १९७५ साली स. गं. मालशे यांनी पुन्हा छापेपर्यंत. जवळजवळ शंभर वर्षं मराठीतला सर्वांत धारदार उपरोध कुणाच्या हाती लागत नव्हता, आणि त्याच काळात आम्ही विनोदाची परंपरा म्हणून जे शिकलो त्यात सगळे पुरुष होते. कोल्हटकर, गडकरी, चिं. वि. जोशी, अत्रे. या सगळ्यांवर माझं प्रेम आहे. जोशींचा चिमणराव तर घरातलाच माणूस. स्वतःची फजिती स्वतःला न कळता सांगत जाणारा असा निवेदक मराठीत दुसरा नाही. तरी हे दुःख आहे की आत्याआजींच्या हयातीत ताराबाईंचं पुस्तक आमच्या वाड्यात कधी आलं नाही. आत्याआजींना वाचता येत होतं. पोथी त्या रोज वाचत.

१८८१ च्या त्या खटल्याचं बोट धरून मी पुढे गेले की मला १९६७ सालचं तेंडुलकरांचं 'शांतता! कोर्ट चालू आहे' भेटतं. दोन्ही ठिकाणी आरोप मुलाच्या जिवाचा, दोन्ही ठिकाणी आरोपी एकटी बाई आणि दोन्ही ठिकाणी त्या मुलाचा बाप कोर्टात उभा नाही. नाटकातली हौशी मंडळी अण्वस्त्रांवरून अध्यक्ष जॉन्सन यांच्यावर अभिरूप खटला चालवायला गावात आलेली. प्रयोगाला वेळ आहे म्हणून गंमत म्हणून एक खोटा खटला उभा करतात आणि आरोपीच्या पिंजऱ्यात लीला बेणारेला घालतात. आरोप भ्रूणहत्येचा. सगळं हसतखेळत. मी हे नाटक जेव्हा जेव्हा पाहिलं तेव्हा प्रेक्षक पहिल्या अंकात मनमोकळे हसत होते आणि मीही हसत होते: काशीकरांचं कान कोरणं, सुखात्मे वकिलांचा आव, मिसेस काशीकरांची मध्येच चाललेली गजऱ्याची बोलणी. मग खेळाचा रंग बदलत जातो आणि आपल्या घशाशी हसू अडकतं. शेवटी न्यायाधीश झालेले काशीकर निकाल देतात. भ्रूणहत्येच्या आरोपावरून उभ्या राहिलेल्या त्या बाईने जगायचं, पण तिच्या पोटातला गर्भ नष्ट केला जावा. ज्या गुन्ह्यासाठी खटला, तोच गुन्हा शिक्षा म्हणून फर्मावला जातो, आणि कोर्टातल्या एकालाही त्यात विसंगती दिसत नाही. उलट प्रयोगाची वेळ झाली, लोक यायला लागले, म्हणून तेच तिला समजावतात: अगं, खेळ होता तो.

खेळ होता हे खरंच आहे. आणि खटला होता हेही.

हे नाटक शिकवताना मुली फार शांत बसायच्या आणि मुलं फार बोलायची. एकदा एका मुलीने तासानंतर थांबून विचारलं, "मॅडम, काशीकरांना कळत नाही का ते काय बोलतायत?" मी म्हटलं, "तुला काय वाटतं?" ती म्हणाली, "नसेल कळत. आमच्या घरी पण नाही कळत." मग ती घाईघाईने निघून गेली. लेखक आणि प्रेक्षक यांना जे दिसतं ते पात्रांना दिसत नाही, अशी या प्रकारच्या उपरोधाची व्याख्या पुस्तकात असते. ती मुलगी त्या पात्रांच्या मधोमध राहत होती. तिला जे दिसत होतं ते घरात बोलायची सोय नव्हती, आणि नाटकामुळे निदान हे समजलं की ते दिसणारी ती एकटी नाही. साहित्यातल्या उपरोधाचा उपयोग काय, असं मला कुणी विचारलं तर मी आधी या मुलीचं नाव घेईन. इथे घेत नाही, एवढंच.

याच्या उलट जे रोज आपल्या फोनवर येऊन आदळतं त्याचा मला खरोखर त्रास होतो. तिथे प्रत्येकजण तिरकस बोलतो. कुणाच्या मरणावर, कुणाच्या उपोषणावर, शेतमालाच्या भावावर, परीक्षेत नापास झालेल्या मुलांवर. 'वा, काय प्रगती आहे' असं लिहून मोकळं व्हायचं. या बोलण्यात वरचा अर्थ खोटा असतो आणि आतला अर्थ एवढाच असतो की मी फसलेलो नाही, मला सगळं माहीत आहे. बोलणारा कशाच्याच बाजूने उभा नसतो. त्याला दाबून धरलं तर तो म्हणतो, मी गंमत केली. ताराबाईंनी गंमत केली असं कधी म्हटलं असतं का? नाथांनी? त्यांना जे म्हणायचं होतं ते वाकड्या वाटेने म्हणावं लागलं, कारण सरळ वाट अडवलेली होती किंवा सरळ सांगून ते ऐकणाऱ्याच्या काळजापर्यंत पोचलं नसतं. सरळ वाट मोकळी असताना केवळ अंगाला काही लागू नये म्हणून वाकडं चालणं मला भित्रेपणाचं वाटतं. तरुण कवींच्या वह्या मी अजूनही वाचते. त्यांत हे हल्ली फार दिसतं, आणि त्यातली हुशारी बघून जास्तच वाईट वाटतं.

आणि आता ज्या गोष्टीपर्यंत मला यायचं होतं तिथे येते. नाथ गेले १५९९ मध्ये. त्यानंतर तीसेक वर्षांनी, १६३० च्या सुमाराला, महाराष्ट्रात भयंकर दुष्काळ पडला. देहूच्या एका वाण्याचं दिवाळं निघालं, आणि त्याची एक बायको 'अन्न अन्न करितां' मेली. हे त्यानेच लिहून ठेवलं आहे. त्याच तुकोबांचा हा अभंग:

'बाप मेला न कळतां । नव्हती संसाराची चिंता ॥
विठो तुझें माझें राज्य । नाहीं दुसऱ्याचें काज ॥
बाईल मेली मुक्त झाली । देवें माया सोडविली ॥
पोर मेलें बरें झालें । देवें मायाविरहित केलें ॥
माता मेली मज देखतां । तुका म्हणे हरली चिंता ॥'

भारुडाशेजारी हा अभंग ठेवून बघा. तिथे सून देवीकडे एकेकाचा जीव मागते आणि म्हणते, एकटीच राहू दे मला. इथे कुणी काही मागितलेलं नाही. तरी ते सगळं झालेलं आहे, एकेक माणूस गेलं आहे, एकटेपण पदरात पडलेलं आहे. नाथांच्या खेळातली यादी तुकोबांच्या घरात खरी झाली. तुकोबांनी नाथांचं वाङ्मय घोकून ठेवलेलं होतं. हे भारूड त्यांच्या कानावरून गेलं नसेल असं मला वाटत नाही, पण ते मी पुराव्याने सांगू शकणार नाही आणि त्याची गरजही नाही. पैठणच्या हशाचं देहूत काय झालं, ते या पाच ओळींत दिसतं.

निवृत्तीच्या आधीच्या वर्षी मी भारूड आणि अभंग लागोपाठ वर्गात वाचले. भारुडाला मुलं हसली, शेवटच्या कडव्याला गप्प झाली, आणि त्या गप्प झालेल्या वर्गातच मी अभंगाची पहिली ओळ म्हटली. मग वाद झाला. मागच्या बाकावरचा एक मुलगा, घरची कोरडवाहू शेती असलेला, म्हणाला की याला उपरोध म्हणू नका. "आमच्याकडं माणूस लई दिवस खितपत पडून गेलं तर सगळे म्हणतात, सुटलं बिचारं. कुणी टोमणा मारत नसतं त्यात." त्याच्या आजीच्या वेळी घरात तेच बोललं गेलं होतं, आणि बोलणारे रडतही होते. त्यावर एक मुलगी ताडकन उठली. "मग 'विठो तुझें माझें राज्य' काय आहे? तो देवाला म्हणतोय, घर रिकामं केलंस ना माझं, आता बस आपण दोघंच. झालं तुझ्या मनासारखं?" वर्गातले निम्मे तिच्या बाजूला गेले. मुलगा मागे हटेना. तो म्हणाला, देवावर एवढा राग असता तर त्याच्याशी राज्य कशाला मांडलं असतं? ती म्हणाली, ज्याच्यावर राग धरता येतो असं दुसरं कुणी उरलंच नव्हतं म्हणून.

मी मुलीच्या बाजूची आहे, दुसऱ्या ओळीपुरती. ती ओळ मला देवाच्या तोंडावर फेकलेली वाटते, आणि ती फेकताना तुकोबांनी देवाचा हात सोडलेला नाही असंही वाटतं. 'बरा कुणबी केलों' म्हणणारा हाच माणूस आहे. त्या म्हणण्यात पंडितांना चपराक आहे आणि मनापासूनचे आभारही आहेत. दोन्ही खरे एकत्र धरायची त्याला सवय होती. पण 'पोर मेलें बरें झालें' ही ओळ मी आजही मोठ्याने नीट म्हणू शकत नाही. ती वैराग्याच्या सुरात म्हटली तर खोटी लागते, टोमण्याच्या सुरात म्हटली तर हलकी होते. आणि शेवटच्या ओळीबद्दल माझं मत पक्कं आहे. 'हरली चिंता' हे नुसतं वैराग्य आहे असं सांगणारी विवेचनं मी पुष्कळ वाचली, ते मला मान्य नाही. आई मेली एवढंच सांगून तुकोबांना पुढे जाता आलं असतं. त्यांनी 'मज देखतां' म्हटलं आहे. ते पाहणं ओळीत घालायची वैराग्याला गरज नव्हती आणि टोमण्यालाही नव्हती. मेलेल्या आईच्या उशाशी बसलेल्या मुलाला होती.